पटावरून काढलेलं नाव

शाळेचं सभागृह भरलंय. मंचावर एक लहानगा गाणं म्हणतोय. चित्रपट मूक आहे, त्यामुळे त्याचा आवाज आपल्यापर्यंत येत नाही. दिसतात ते त्याचे हावभाव आणि प्रेक्षकांत बसलेल्या त्याच्या आईचा खुललेला चेहरा. तेवढ्यात एक बाई शेजारणीच्या कानाशी लागते. शेजारीण तिच्या पलीकडच्या बाईच्या. कॅमेरा त्या कुजबुजीबरोबर एका चेहऱ्यावरून दुसऱ्या चेहऱ्यावर सरकत जातो, आणि जिच्याबद्दल हे सगळं चाललंय ती अजून आपल्या लेकाकडेच बघत असते. बायका काय बोलतात ते पाटीवर लिहून दाखवलेलं नसतं तरी चाललं असतं. आपल्याला शब्दन् शब्द कळतो.

‘शन्न्यू’ हा १९३४ सालचा चिनी मूकपट. शांघायच्या ल्येनह्वा कंपनीने काढलेला, वू योंगगांग यांनी लिहिलेला आणि दिग्दर्शित केलेला, रुआन लिंगयू या अभिनेत्रीच्या खांद्यावर उभा असलेला. शन्न्यू म्हणजे देवी. रस्त्यावर उभं राहून शरीरविक्रय करणाऱ्या बाईलाही तिथे आडून हाच शब्द वापरायचे. आपल्याला यात नवल वाटायला नको. देवदासी, भाविण हे शब्द आपणच बनवले आहेत.

मी बत्तीस वर्षं शाळेत शिकवलं, शेवटची सहा मुख्याध्यापिका म्हणून. निवृत्तीनंतर शिक्षकांच्या प्रशिक्षणवर्गांना बोलावणं आलं की मी हा चित्रपट बरोबर नेते आणि त्यातला मधला भाग शाळेतलं एक प्रकरण म्हणून मांडते. एक प्रवेश, एक तक्रार, एक गृहभेट, एक सभा, एक निर्णय. सिनेमाचे अभ्यासक या चित्रपटाबद्दल पुष्कळ लिहितात, ते लिहोत. माझं काम त्या सभेपाशी आहे.

घरची परिस्थिती

आई एकटी आहे. नवरा कोण, कुठे गेला, लग्न झालं होतं की नव्हतं, यावर चित्रपट वेळ घालवत नाही, आणि ते मला फार बरं वाटतं. संध्याकाळ झाली की ती बाळाला जोजवता जोजवता घड्याळाकडे बघते, भिंतीला अडकवलेला कामावरचा झगा अंगावर चढवते, बाळाला शेजाऱ्यांच्या भरवशावर सोपवते आणि बाहेर पडते. पहाटे जिने चढून येते तेव्हा पायांत त्राण नसतं. आधी ती बाळाला उचलते, मग बाकीचं.

एका रात्री पोलिसांची धाड पडते. पळता पळता ती जे पहिलं दार दिसेल त्यात शिरते, आणि ते दार निघतं एका जुगारी गुंडाचं. तो पोलिसांना वाटेला लावतो आणि उपकाराची किंमत म्हणून तिलाच ठेवून घेतो. पुढे तिच्या कमाईवर तो आपला हक्क सांगू लागतो. ती घर बदलते, दुसरं काम शोधायला निघते, वस्तू गहाण टाकते. तो तिला हुडकून काढतो. या भागातली एक चौकट मी वर्गात नेहमी थांबवून दाखवते. गुंड पाय फाकवून उभा आहे, कॅमेरा त्याच्या पाठीमागे खाली ठेवलेला आहे, आणि त्याच्या दोन पायांच्या त्रिकोणात मुलाला छातीशी धरून बसलेली आई दिसते. त्या बाईला राहायला जागा किती उरली आहे, ते एका चौकटीत मोजून दाखवलेलं आहे.

दुसरी वस्तू म्हणजे वीट. गुंडाच्या नजरेतून वाचवलेले पैसे ती भिंतीतली एक वीट सरकवून तिच्यामागच्या पोकळीत ठेवते. हे पैसे कशासाठी? मुलाच्या शाळेसाठी. पोटाला चिमटा काढून फी साठवणाऱ्या आया मी आयुष्यभर बघितल्या. कुणी रुमालाच्या गाठीतून पैसे काढायच्या, कुणी ब्लाउजमधल्या छोट्या पाकिटातून, आणि नोटा नेहमी घामाने मऊ झालेल्या असायच्या. म्हणून ती वीट मला कधी सिनेमातली युक्ती वाटली नाही.

नियम कुठे मोडला?

ही ‘समाजाचे नियम मोडणाऱ्या बाईची गोष्ट’ आहे असं म्हणतात. म्हणायला हरकत नाही, पण कोणता नियम मोडला ते नीट पाहायला हवं. तिच्या धंद्याला शांघायने जागा करून ठेवलेली होती. शहर तेव्हा तीन कारभारांत वाटलेलं: आंतरराष्ट्रीय वसाहत, फ्रेंच वसाहत आणि चिनी शहर. आंतरराष्ट्रीय वसाहतीच्या नगरपालिकेने १९२० मध्ये वेश्यागृहांना परवाने दिले होते, आणि पुढे दरवर्षी चिठ्ठ्या काढून एक-पंचमांश बंद करत पाच वर्षांत ती संपवायची असं ठरवलं होतं. कोणाचं दार बंद व्हायचं ते चिठ्ठीवर! धंदा संपला नाही, तो विनापरवाना चालू राहिला. म्हणजे तिने रात्री दिव्याखाली उभं राहणं शहराच्या हिशेबात बसत होतं. गिऱ्हाईक होतं, दलाल होता, मधूनमधून धाडी होत्या. सगळ्यांना आपापली कामं ठाऊक होती.

तिने नियम मोडला तो फी भरून मुलाचं नाव शाळेत घातलं त्या दिवशी. रात्रीच्या रस्त्यावरून ती दिवसाच्या बाकावर आली. तिथे तिच्यासाठी जागा राखलेली नव्हती.

शाळेचे सुरुवातीचे दिवस थोडक्यात येतात, पण त्यातला एक प्रसंग विसरता येत नाही. मुलगा घरी येतो आणि शाळेत शिकलेली कवायत आईला शिकवतो. हात वर, हात बाजूला. ती त्याच्यासमोर उभी राहून तसंच करते, चुकते, हसते. रात्रभर इतरांच्या इच्छेप्रमाणे वागवलेलं तिचं शरीर या दोन मिनिटांत पोरासाठी आणि स्वतःच्या मजेसाठी हलतं. रुआन लिंगयू या ठिकाणी काहीच ‘करत’ नाही. नुसती शिकणारी मुलगी होते.

तक्रार, गृहभेट, सभा

आता प्रकरणाचा गाभा. स्नेहसंमेलनातल्या कुजबुजीनंतर पालकांची पत्रं शाळेत येऊ लागतात. मजकूर एकच: या मुलाची आई अशी-तशी आहे, आमच्या मुलांबरोबर तो नको. वर्गातल्या शिक्षकांना मी इथे पहिला प्रश्न विचारते. तक्रारीत मुलाविरुद्ध काय आहे? त्याने मारामारी केली? चोरी केली? अभ्यासात मागे पडला? काही नाही. तोच मुलगा चार दिवसांपूर्वी मंचावर गात होता. उलट गल्लीतली पोरं त्याला बापावरून शिव्या घालून छळतात, तेव्हा सोसणारा तो आहे. संपूर्ण तक्रार आईबद्दल आहे आणि शिक्षा मात्र मुलाला मागितली आहे.

म्हातारे मुख्याध्यापक पत्रं बाजूला ठेवत नाहीत, आणि पत्रांवर विश्वासही टाकत नाहीत. ते स्वतः तिच्या घरी जातात. हे त्यांनी केलेलं सगळ्यांत मोठं काम, आणि संपूर्ण प्रकरणात ते दुसऱ्या कुणीही केलेलं नाही. ते जातात ते शहानिशा करायला, थोडेसे साशंक होऊनच. ती आधी घाबरते. मग, आणि इथे रुआन लिंगयूचा चेहरा एका मुद्रेतून दुसऱ्या मुद्रेत कधी गेला ते पुन्हा पुन्हा पाहूनही मला पकडता आलेलं नाही, ती नाकारायचं सोडून देते. होय, मी हेच करते, असं सांगते. पण मी कशीही असले तरी त्याची आई आहे. हे सगळं मी त्याच्यासाठी करते. त्याने चांगला माणूस व्हावं म्हणून शाळेत घातलं. त्याने का शिकू नये? तिच्या बोलण्याचा हा सारांश. गयावया करता करता ती वाद घालू लागते, आणि मुख्याध्यापकांची मान खाली जाते.

तिने खोटं बोलायला हवं होतं, असं वर्गात दर वेळी कुणीतरी म्हणतं. मलाही पहिल्यांदा तसं वाटलं होतं. विधवा आहे म्हणाली असती तर कदाचित निभावलं असतं. पण मग तिचा प्रश्नच बदलला असता. तिला सहानुभूतीवर प्रवेश मिळाला असता, आणि ती मागत होती तो हक्काने. १९३४ च्या पडद्यावर हे एका बाईने मान वर करून विचारलं, म्हणून हा चित्रपट आज नव्वद वर्षांनी बघताना घसा दाटतो.

शाळेच्या समितीच्या सभेत मुख्याध्यापक उभे राहतात. त्या बाईवर तिच्या धंद्याचा ठपका ठेवता येणार नाही, तो समाजाचा प्रश्न आहे. मुलाला अशा परिस्थितीतून बाहेर काढणं हेच तर शिक्षणाचं काम, अशा आशयाचं ते बोलतात. समितीला शाळेच्या नावाची काळजी आहे. मुलाला काढायचं ठरतं. मुख्याध्यापक राजीनामा देऊन बाहेर पडतात. मुलगा शाळेची चिठ्ठी घेऊन घरी येतो.

या सभेत कोण नव्हतं? आई नव्हती. तिला बोलावलंच नाही. मुलाच्या वर्गशिक्षकाचं मत कुणी घेतलं नाही. तक्रारदार पालकांनाही समोर बसवून विचारलं नाही की, तुमच्या मुलाचं नेमकं काय नुकसान झालं? निर्णयाआधी पाहिलेला एकमेव पुरावा म्हणजे मुख्याध्यापकांची गृहभेट, आणि तो निर्णयाच्या विरुद्ध जाणारा होता. समितीतली माणसं दुष्ट दाखवलेली नाहीत, हे मी मुद्दाम सांगते. व्यवस्थित कपड्यांतली, वेळेवर सभेला येणारी माणसं आहेत. मी अशा सभांना बसले आहे.

पुढचं

पुढचं पटपट घडतं. ती मुलाला घेऊन दूर जायचं ठरवते, वीट काढते, आणि पोकळी रिकामी असते. गुंडाने पैसे काढून जुगारात उडवलेले. ती त्याला गाठते, पैसे मागते, तो हसतो, मारतो. तिच्या हाताला बाटली लागते. गुंड मरतो. न्यायालय तिला बारा वर्षांची शिक्षा देतं.

तुरुंगात राजीनामा दिलेले मुख्याध्यापक तिला भेटायला येतात. मुलाला मी सांभाळीन, शिकवीन, असा शब्द देतात. ती त्यांना विनवते, त्याला सांगा, तुझी आई मेली. अशी आई होती हे त्याला कळू नये.

माझं म्हणणं

प्रशिक्षणवर्गात इथपर्यंत आलं की बहुतेकांचे डोळे भरतात आणि चर्चा मुख्याध्यापकांच्या मोठेपणावर जाते. तो मोठेपणा मला मान्य आहे. असा माणूस माझ्या नोकरीत मला वरिष्ठ म्हणून मिळाला असता तर मी धन्य झाले असते. तरीही या प्रकरणात मला दोन गोष्टी टोचतात.

पहिली राजीनाम्याची. ते बाहेर पडले त्या क्षणी त्या खोलीत मुलाच्या बाजूचा एकही माणूस उरला नाही. राजीनाम्याने त्यांचं मन स्वच्छ राहिलं, मुलाचं नाव पटावरून गेलं ते गेलंच. ते थांबले असते, ठराव पुढच्या सभेपर्यंत अडवून धरला असता, वर्गशिक्षकाला बोलावलं असतं, पालकांना एकेकटं भेटले असते, तर? कदाचित काही झालं नसतं. पण मुख्याध्यापकाच्या खुर्चीत बसलेल्या माणसाने ती खुर्ची सोडण्याआधी तिचा वापर करून बघायला हवा.

दुसरी गोष्ट अधिक खोल आहे, आणि ती लक्षात यायला मला हा चित्रपट तीनदा बघावा लागला. समितीला काय हवं होतं? त्या आईशिवायचा मुलगा. आणि शेवटी काय होतं? मुलगा सुरक्षित आहे, तो शिकणार आहे, त्याला पालक मिळाला आहे, आणि आई त्याच्या आयुष्यातून पुसली गेली आहे. ती पुसली जावी असं तिनेच मागितलं. दयाळू मुख्याध्यापक आणि भेकड समिती वेगवेगळ्या वाटांनी एकाच ठिकाणी पोचतात. जिने दारात उभं राहून ‘मी कशीही असले तरी त्याची आई आहे’ म्हटलं होतं, तिच्याच तोंडून ‘आई मेली म्हणा’ हे वदवून घेतलं गेलं. शाळेतून नाव कमी झालं तेव्हा मुलाचं गेलं. गजाआड आईचं गेलं. मला या चित्रपटातला खरा खून तो वाटतो.

वू योंगगांग यांना दोष देऊन उपयोग नाही. सत्ताविसाव्या वर्षी केलेला हा त्यांचा पहिलाच चित्रपट. त्याआधी ते नेपथ्याचं काम करत. रस्त्याच्या दिव्याखाली उभ्या असलेल्या अशा एका बाईचं चित्र काढायची त्यांची मूळ इच्छा होती, त्यातून पुढे हा चित्रपट झाला. त्या बायकांचं जगणं आणखी उघडपणे दाखवायचं होतं, परिस्थितीने तसं करू दिलं नाही, म्हणून आईच्या मायेवर भर दिला, असंही त्यांनी लिहून ठेवलं आहे. १९३४ च्या फेब्रुवारीत चीनचे तेव्हाचे सत्ताधीश च्यांग कै-शेक यांनी शिस्त, स्वच्छता आणि सदाचरणाची ‘नवजीवन’ चळवळ सुरू केली होती. त्या हवेत, सेन्सॉरच्या नजरेखाली, खून केलेल्या वेश्येला तुरुंगाबाहेर काढून मुलाच्या शेजारी उभं करणं अवघडच होतं.

मूकपणाबद्दलही थोडं सांगायला हवं, कारण आपल्याकडे १४ मार्च १९३१ ला ‘आलम आरा’ने पडदा बोलका केला होता, १९३२ मध्ये ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’ मराठीतून बोलला होता, आणि शांघायला १९३४ मध्ये मूकपट निघत होते. बोलपटही तिथे निघू लागले होते, पण यंत्रं महाग होती, सगळी चित्रगृहं सज्ज नव्हती, आणि प्रांताप्रांताच्या बोली एकमेकींना कळत नव्हत्या. या प्रकरणाला मात्र मूकपणा फार मानवला आहे. कुजबुज ऐकू आली असती तर आपण तिच्यातल्या शब्दांवर विचार केला असता. ऐकू येत नाही म्हणून तिची वाट दिसते, कोणाकडून कोणाकडे गेली ती.

पडद्याबाहेर

रुआन लिंगयूची आई शांघायमध्ये एका श्रीमंत घरी मोलकरीण होती आणि त्या कष्टांवर तिने लेकीला शाळेत घातलं होतं. सोळाव्या वर्षी लेक सिनेमात आली. ‘शन्न्यू’नंतर काही महिन्यांत तिच्या आयुष्यातल्या जुन्या जोडीदाराने तिला कोर्टात खेचलं, तिच्या खासगी आयुष्यावर वर्तमानपत्रं तुटून पडली. ८ मार्च १९३५ ला, महिलादिनी, चोवीस वर्षांच्या रुआनने आत्महत्या केली. तिच्या अंत्ययात्रेला शांघायचे रस्ते माणसांनी भरले. त्याच वर्षी मे महिन्यात लू शुन या नामवंत चिनी लेखकांनी तिच्या मृत्यूवर लेख लिहिला. वर्तमानपत्रं स्वतःला दुबळी म्हणवून घेतात, बलवानांपुढे ती दुबळी असतातही, पण एका एकट्या बाईपुढे त्यांच्या हातात भरपूर बळ असतं, हा त्यांचा मुद्दा होता. सभागृहातली ती रांग एवढी लांब होती, हे चित्रपट काढताना कुणाला माहीत होतं?

माझ्या नोकरीच्या नवव्या वर्षी आमच्या शाळेतही एक पत्र आलं होतं. मुलगा चौथीतला, आई तमाशाच्या फडात. वडिलांच्या नावाच्या रकान्यात तिने आपलंच नाव लिहिलं होतं. पत्रावर सात पालकांच्या सह्या होत्या. मी त्याची वर्गशिक्षिका. सभेत मला कुणी विचारलं नाही आणि मी आपणहून तोंड उघडलं नाही. त्याच्या आईला दाखला घेऊन जायला सांगितलं गेलं. ती आली, सही केली, आणि जाताना मला म्हणाली, “बाई, त्याचं चित्रकलेचं पुस्तक वर्गात राहिलंय, तेवढं द्या.” मी ते कपाटातून काढून दिलं. आजवर पुष्कळ वर्गांत मी ‘शन्न्यू’ दाखवला. सभेचं दृश्य आलं की समितीच्या टेबलाभोवतीची गप्प बसलेली माणसं मी एकेक करून बघते.

‘शन्न्यू’ची प्रत जतन झाली, तिच्यावर काम झालं, आणि २०१४ मध्ये लंडनच्या चित्रपट महोत्सवात ती नव्या वाद्यसंगीतासह दाखवली गेली. शिक्षकांनी ती शेवटपर्यंत बघावी असा माझा आग्रह असतो, कारण शेवटी पुन्हा एक भिंत येते. पहिल्या भिंतीत वीट होती आणि विटेमागे फीचे पैसे. ही कोठडीची भिंत कोरी आहे. आई तिच्याकडे बघत बसते, आणि त्या कोऱ्या भिंतीवर तिला तिचा मुलगा हसताना दिसतो.